सुटका झाली, पण ठपका तसाच! अपील मागे का घ्यायचे नाही?

"पोरगा सुटून घरी आला, आता कोर्टाच्या तारखा कशाला?" आंदोलनात शिक्षा झालेल्या कार्यकर्त्याला घरात, वस्तीत हेच ऐकावे लागते. तुरुंग भोगून झालेला असतो, पैसा संपलेला असतो. मग अपील मागे घेतले जाते. या सल्ल्याला इतिहासात एक चोख उत्तर आहे.

फेब्रुवारी 1971. अमेरिकेच्या उत्तर कॅरोलिना राज्यातले विल्मिंग्टन शहर. शाळांमधील वर्णभेदाविरुद्ध कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांनी बहिष्कार पुकारला होता. त्या तणावात एक किराणा दुकान पेटवले गेले. चळवळीतील कार्यकर्ते बेन चेव्हिस यांच्यासह दहा जणांवर खटला भरला गेला. त्यांत नऊ कृष्णवर्णीय, बहुतेक कोवळी पोरे. आणि एक गोरी स्त्री. 1972 मध्ये, म्हणजे इकडे मुंबईत दलित पँथर उभी राहिली त्याच वर्षी, दहाही जण दोषी ठरले. शिक्षांची बेरीज 282 वर्षे!

1976 मध्ये मुख्य साक्षीदाराने आपली साक्ष खोटी असल्याचे सांगितले. जगभरातून दबाव वाढला. 1978 मध्ये गव्हर्नर जिम हंट यांनी शिक्षा कमी केल्या, पण माफी नाकारली. अर्थ सरळ होता : बाहेर जा, पण गुन्हेगार म्हणून! डिसेंबर 1979 मध्ये चेव्हिस सुटले. ते शेवटचे.

आता सगळे बाहेर होते. तरीही त्यांनी अपील सोडले नाही. डिसेंबर 1980 मध्ये फेडरल अपील कोर्टाने दोषसिद्धी रद्द केली. साक्षीदाराविषयीची महत्त्वाची माहिती सरकारी पक्षाने बचाव पक्षापासून दडवली होती. 2012 च्या अखेरच्या दिवशी राज्याने त्यांना निर्दोष म्हणून माफी दिली. तोवर दहापैकी चौघे हयात नव्हते.

कोणी म्हणेल, सुटल्यावर अपिलाला अर्थ काय? याचे उत्तर अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने 1968 मध्येच कॅराफास खटल्यात दिले होते. माणूस सुटला तरी मतदानासारखे हक्क दोषसिद्धीमुळे हिरावलेलेच राहतात. म्हणून सुटकेने दाद मागण्याचा हक्क संपत नाही.

आपल्याकडे वेगळे काय आहे? दोन वर्षे किंवा जास्त शिक्षा झालेल्याला सुटल्यानंतरही सहा वर्षे निवडणूक लढवता येत नाही. नोकरीच्या चारित्र्य पडताळणीत ती नोंद आडवी येते. आरोपी अपील चालू असताना मरण पावला, तरी कारावासाच्या शिक्षेविरुद्धचे त्याचे अपील पुढे चालवण्याची परवानगी जवळचे नातेवाईक 30 दिवसांत मागू शकतात. मेलेल्या माणसाच्या नावावरचा डाग पुसायला कायदा वाट ठेवतो. मग जिवंत माणसाने ती का सोडावी?

बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी 1927 मध्ये प्याले. तळ्याचा दिवाणी दावा मात्र 17 मार्च 1937 रोजी हायकोर्टात जिंकेपर्यंत लढवला. पाणी तर पिऊन झाले, असे म्हणून ते घरी बसले नाहीत!

म्हणून मित्रांनो, सुटलेल्या कार्यकर्त्याला हार घालून थांबू नका. पुढच्या तारखेचा खर्च वर्गणीतून उभा करा. त्याचे अपील ही चळवळीची जबाबदारी आहे.

जयभीम!