तेर
महाराष्ट्रातील एक प्राचीन व्यापारी नगर. प्राचीन नाव तगर. धाराशिव (पूर्वीचा उस्मानाबाद) जिल्ह्यात, लातूरच्या पश्चिमेस, तेरणा नदीकाठी ते वसले आहे. इ. स. पहिल्या शतकातील पेरिप्लस ऑफ द एरिथ्रियन सी या ग्रीक ग्रंथात पैठणच्या पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवरील मोठे नगर म्हणून तगरचा उल्लेख असून, येथील जाडेभरडे कापड व तलम मलमल गाड्यांतून भडोच बंदरास जात असे, असे त्यात म्हटले आहे. तगरच्या स्थाननिश्चितीविषयी एकोणिसाव्या शतकात बराच वाद झाला. भगवानलाल इंद्रजींनी जुन्नर, तर रा. गो. भांडारकरांनी धारूर सुचविले. १९०१ मध्ये जे. एफ्. फ्लीट यांनी तेर हेच तगर असल्याचे दाखविले व ते पुढे मान्य झाले.

येथील लोकजीवनाची माहिती शिलालेखांपेक्षा बारीकसारीक वस्तूंवरूनच अधिक मिळते. १९५८ मध्ये चापेकर यांनी आणि १९७४-७५ मध्ये शां. भा. देव व अ. प्र. जामखेडकर यांनी येथे उत्खनन केले. जळालेले धान्य, शंखाच्या बांगड्या, मणी आणि मृत्पात्रे यांवरून सातवाहनकालीन घरांतील राहणीची कल्पना येते. केओलीन या पांढऱ्या मातीच्या दुहेरी साच्यातील पोकळ मूर्ती, रोमन धर्तीचे दिवे आणि रोमन नाण्यांच्या मातीतील प्रतिकृती यांत परकीय संपर्काचा ठसा स्पष्ट आहे. मात्र एवढ्यावरून येथे रोमन लोकांची वसाहत होती, असे ठरत नाही. परदेशी माल पाहून स्थानिक कारागिरांनी केलेले हे काम असावे, हेच अधिक संभवनीय वाटते.

येथील सर्वांत महत्त्वाची वस्तू म्हणजे हस्तिदंती स्त्रीमूर्ती. इटलीतील पाँपेई येथे १९३८ मध्ये आमेदेओ माइउरी यांच्या उत्खननात एका घरात अशीच भारतीय मूर्ती सापडली. व्हीस्यूव्हिअसच्या उद्रेकाने इ. स. ७९ मध्ये पाँपेई गाडले गेले. म्हणून ती मूर्ती त्यापूर्वीची, हे निश्चित. भोकरदन येथेही याच घडणीची मूर्ती मिळाली असल्याने पाँपेईची मूर्ती मराठवाड्याच्या परिसरात घडविली गेली असावी, असे काही अभ्यासक मानतात. तीवर खरोष्ठी अक्षर कोरलेले आहे, ही या मताला असलेली अडचण होय.

पाँपेईत घर, चूल व भांडी राखेखाली जागच्या जागी राहिली. तेरला वस्ती अखंड राहिल्याने तसे घडले नाही. जुन्या वस्तीच्या टेकाडाची पांढरी माती शेतात नेण्याची मराठवाड्यातील रूढी जुनी आहे आणि त्या मातीबरोबर वस्तूही विखुरतात. येथील रहिवासी रामलिंगप्पा लामतुरे यांनी अशा असंख्य वस्तू जमविल्या. त्यांच्या नावाचे शासकीय वस्तुसंग्रहालय गावात असून, हा संग्रह तेथे आहे. मात्र थरातून न काढलेल्या वस्तूचा काळ तुलनेनेच ठरवावा लागतो. तेरच्या हस्तिदंती मूर्तीचा काळही पाँपेईच्या आधारेच सांगितला जातो. पण एखादी घडण पिढ्यान्‌पिढ्या टिकू शकते, हे येथे विसरून चालत नाही.

त्रिविक्रम मंदिर हे येथील मूळचे विटांचे चापाकार चैत्यगृह असून, उत्तरेश्वर मंदिरही विटांचे आहे. संत गोरा कुंभार येथीलच.