पाच हजार रात्रींचा हिशेब

नटाची कारकीर्द मोजायची कशी? आपण सवयीने आधी सिनेमांची यादी बघतो. डॉ. श्रीराम लागूंचं 'नटसम्राट' १९७० साली रंगमंचावर आलं, तेव्हा आपल्यापैकी बहुतेकांचा जन्मही झाला नव्हता. तरी लागू काय चीज होते हे आपल्याला ठाऊक आहे, कारण 'पिंजरा' (१९७२) आहे, 'घरोंदा' (१९७७) आहे. इंग्रज नट अलेक गिनेसने उभ्या आयुष्यात शेक्सपियर केला, पण जगाच्या लक्षात राहिला तो 'स्टार वॉर्स'मधला म्हातारा. थोडक्यात काय, पडद्यावरचं उरतं, रंगमंचावरचं विरून जातं.

मग ज्याचं सगळं मोठं काम रंगमंचावरच झालं, त्याचं काय?

माझं गाव पोंभुर्णा, जिल्हा चंद्रपूर. पुण्यात हे सांगितलं की पुढचा प्रश्न ठरलेला: "म्हणजे ताडोबाजवळ का?" वाघ सगळ्यांना माहीत असतात, नाटकं नाही! चंद्रपूर, गडचिरोली, भंडारा, गोंदिया हा जंगलाचा, धानाचा पट्टा म्हणजे झाडीपट्टी. धान कापून झालं की दिवाळीपासून होळीच्या आसपासपर्यंत इथे गावोगावी नाटकं होतात. मंडई किंवा शंकरपटाला पाहुणे जमतात आणि रात्री तिकीट काढून नाटकाला बसतात. नाटक संपतं तेव्हा उजाडायला आलेलं असतं. २०१४ मध्ये सुप्रीम कोर्टाने शंकरपटांवर बंदी आणली, तरी नाटकं चालूच राहिली.

याच रंगभूमीचे नट डॉ. परशुराम खुणे. गाव गुरनोली, तालुका कुरखेडा, जिल्हा गडचिरोली. २०२३ साली त्यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा दोन आकडे छापून आले: ५,००० हून जास्त प्रयोग, सुमारे ८०० भूमिका.

आता आपण इंजिनिअर माणसं, आकडा दिसला की भागाकार करणारच. वर्षाला १०० प्रयोग धरले, तरी ५,००० व्हायला ५० हंगाम लागतात. आणि हंगाम जेमतेम चार-पाच महिन्यांचा. म्हणजे हिवाळ्यात तीन रात्रींतल्या दोन रात्री तोंडाला रंग! सकाळी परतायचं, झोपायचं, संध्याकाळी पुढचं गाव.

पण खरी गंमत दुसऱ्या भागाकारात आहे. ५,००० भागिले ८०० म्हणजे साधारण सहा. एका भूमिकेचे सरासरी सहा प्रयोग! प्रशांत दामलेंनी २०२२ मध्ये १२,५०० वा प्रयोग केला, तो मोजक्या नाटकांच्या जोरावर. तिथे एकच नाटक शेकडो वेळा होतं, घासूनपुसून लख्ख होतं. झाडीपट्टीत प्रेक्षक तोच असतो, म्हणून नाटक बदलावं लागतं. गेल्या वर्षी पाहिलेलं नाटक गाव यंदा पुन्हा कशाला बघेल? त्यात पूर्वी गावंच आपापली नाटकं बसवायची आणि चांगला नट बाहेरून बोलवायची. म्हणजे सोबतचे नट नवे, संहिता नवी, तालीम असून नसल्यासारखी. आमच्या भाषेत सांगायचं तर टेस्टिंग न करता रोज नवं रिलीज, तेही थेट प्रॉडक्शनवर. आणि समोर हजारो युजर्स, ज्यांनी रोख पैसे मोजलेत.

म्हणून मला वाटतं, या कारकिर्दीला मुंबई-पुण्याची फूटपट्टी लावणंच चूक आहे. 'अभिनय भडक आहे' हा शेरा नेहमीचाच. पण उघड्या मैदानात, थंडीत, पहाटे तीन वाजता शेवटच्या रांगेतल्या म्हाताऱ्याला जागं ठेवायचं असेल तर भुवई उंचावून भागत नाही. आवाज लागतो, हजरजबाबीपणा लागतो, आणि दोन दिवसांत नवा माणूस अंगात भरून घ्यायची ताकद लागते.

पण यातलं मागे उरणार किती? आज मोबाईलमुळे काही नाटकं यूट्यूबवर सापडतात. त्याआधीच्या कित्येक हजार रात्रींची नोंद म्हणजे फक्त ती पाहिलेली माणसं, आणि ती आता सत्तरीत आहेत. ८०० भूमिकांची निदान नावं तरी कुणीतरी त्यांच्याकडून लिहून घ्यायला हवीत. हे काम पद्मश्रीने होत नाही. त्यासाठी वही-पेन घेऊन बसावं लागतं.

असो. येत्या हिवाळ्यात जमलं तर गोंदिया-चंद्रपूर लाईनवर वडसा स्टेशनला उतरा. झाडीपट्टीच्या नाटक कंपन्यांचं हे माहेरघर. आज रात्री कुठे नाटक आहे, एवढं विचारा. स्वेटर मात्र विसरू नका!