दसऱ्याला बाहेर पडणारी गाडी

नववीची सहल आठवते ना? गणपतीपुळ्याहून पहाटे निघालेली एस.टी. निवळी, हातखंबा, पाली, साखरपा करत आंबा घाट चढली, आणि मलकापूर येईपर्यंत अर्धा वर्ग गाडी लागून आडवा झाला होता. कोल्हापुरात अंबाबाईचं दर्शन झालं, रंकाळा झाला आणि मग नवा राजवाडा. तिथल्या संग्रहालयातली हत्यारं आणि पेंढा भरलेले वाघ बघून बाहेर आल्यावर इतिहासाचे आपले सर म्हणाले, "राजाराम महाराजांनी जर्मनीच्या कारखान्यातून खास बनवून घेतलेली मोटार या घराण्याकडे आहे. पण ती बघायची तर दसऱ्याला या." आपल्यापैकी कुणालाच त्यात फारसा रस नव्हता. भेळेकडे लक्ष होतं.

त्या गाडीचं नाव मेबॅक. पुढे इंजिनियरिंगला गेल्यावर ते नाव पुन्हा भेटलं. तेव्हा कळलं की सरांचं वाक्य निम्मंच बरोबर होतं. उरलेलं निम्मं आज दुरुस्त करते, सर रागावणार नाहीत.

विल्हेल्म मेबॅक हा दहाव्या वर्षी पोरका झालेला मुलगा. जर्मनीतल्या रॉयटलिंगेन गावच्या एका धर्मादाय संस्थेने त्याला सांभाळलं आणि शिकवलं. त्या संस्थेच्या कारखान्यात गॉटलीब डाइमलर आला, त्याने या मुलाची चित्रकला आणि यंत्रांची जाण हेरली आणि पुढचं सगळं आयुष्य दोघांनी बरोबर काम केलं. १९०१ ची पहिली मर्सिडीज मेबॅकच्या हातची. १९०९ मध्ये विल्हेल्म आणि त्याचा मुलगा कार्ल यांनी काउंट झेपेलिनच्या हवाई जहाजांसाठी इंजिनं बनवायचा कारखाना काढला, तो पुढे फ्रीडरिक्सहाफेन गावी वाढला. पहिलं महायुद्ध जर्मनी हरला आणि व्हर्सायच्या तहाने विमानांची इंजिनं बनवायला बंदी आली. कारागीर हाताशी, यंत्रं हाताशी, आणि गिऱ्हाईक गायब! म्हणून हे लोक मोटारींकडे वळले. १९२१ साली पहिली मेबॅक मोटार लोकांसमोर आली. दुसऱ्या महायुद्धात कारखाना रणगाड्यांच्या इंजिनांना जुंपला गेला आणि मोटारी थांबल्या त्या थांबल्याच. साधारण वीस वर्षांत सगळ्या मिळून अठराशेच्या आसपास गाड्या.

आता सरांच्या वाक्यातली चूक. मेबॅकचा कारखाना पूर्ण मोटार बनवतच नसे. तो फक्त चासी द्यायचा, म्हणजे सांगाडा, इंजिन, गिअर आणि चाकं. त्यावरचं अंग, ज्याला आपण बॉडी म्हणतो, ते गिऱ्हाइकाने दुसऱ्या कारागिराकडून बांधून घ्यायचं. बहुतेक मेबॅक गाड्यांची अंगं जवळच्याच राफेन्सबुर्ग गावच्या श्पोन यांच्याकडे तयार होत. आधी लाकडाची चौकट, तिच्यावर हातोडीने ठोकून वळवलेला पत्रा, मग रंगाचे हात, शेवटी चामडं. त्यामुळे 'खास बनवून घेतलेली' हे त्या गाडीचं वेगळं कौतुक नव्हे, त्या दर्जाच्या गाड्या तशाच मिळत. राजाने घेतली काय आणि हॅम्बुर्गच्या शेठजीने घेतली काय, प्रत्येक गाडी मापाचीच.

हे वाचताना मला हसू आलं, कारण ज्या गाडीत बसून आपण सहलीला गेलो तीही अशीच तयार झालेली होती. एस.टी. महामंडळ चासी विकत घेतं आणि दापोडी, चिकलठाणा, हिंगणा इथल्या आपल्या कार्यशाळांत तिच्यावर अंग चढवतं. १ जून १९४८ ला पुणे-अहमदनगर धावलेल्या पहिल्या एस.टी.चं अंगही लाकडी होतं. लाल डबा आणि मेबॅक यांचं गोत्र एक आहे असं म्हटलं तर कोल्हापूरकर मला घाटातच अडवतील, पण तंत्राच्या दृष्टीने ते खरं आहे.

राजाराम महाराजांची कारकीर्द १९२२ ते १९४० अशी. शाहू महाराजांचे हे चिरंजीव. आज कोल्हापूरला ज्या विमानतळावर आपण उतरतो तो त्यांच्याच काळातला आणि त्यांच्याच नावाचा. म्हणजे मोटार हा त्यांचा नुसता शौक नसावा, यंत्रयुगाकडे बघण्याची ती नजर होती असं मला वाटतं. त्या काळातल्या जर्मन गाडीला आपल्याकडे एक दंतकथा मात्र हमखास चिकटते, ती म्हणजे 'हिटलरने भेट दिली'. पतियाळाच्या मेबॅकबद्दल ती सांगतात. कोल्हापूरच्या गाडीला अशा कथेची गरज नाही.

तिची खरी गंमत कळायला दुसरी गाडी बघावी लागते. होळ गावचं होळकर घराणं इंदूरला नांदलं. तिथले यशवंतराव होळकर (दुसरे) ऑक्सफर्डला शिकलेले, माणिकबाग हा राजवाडा जर्मन वास्तुविशारदाकडून बांधून घेणारे. त्यांनी अमेरिकेतल्या ड्यूसेनबर्गची चासी मागवली, ती इंडियानापोलिसहून लंडनला गेली आणि गर्नी नटिंग या कारागिरांनी १९३५ च्या सुमारास तिच्यावर नारिंगी आणि काळं अंग चढवलं. पुढच्या आणि मागच्या चाकांमधलं अंतरच जवळजवळ ३.९ मीटर. आपल्या मारुती ८०० ची अख्खी लांबी ३.३ मीटर! एवढ्या गाडीत बसायचे दोघं. ती गाडी आज भारतात नाही, अमेरिकेतल्या संग्राहकांकडे गेली. १९७१ च्या सव्विसाव्या घटनादुरुस्तीने संस्थानिकांचे तनखे बंद झाले, त्याच्या आधी आणि नंतर अशा किती गाड्या देशाबाहेर गेल्या. तनखे बंद झाले याचं मला दुःख नाही. पण गाड्या गेल्या याचं आहे, कारण त्यांच्याबरोबर त्या चालवणारे, दुरुस्त करणारे हातही गेले.

कोल्हापूरची मेबॅक राहिली आणि वर्षातून एकदा का होईना, चालत राहिली. नुसती उभी केलेली गाडी लवकर मरते. रबर तडकतं, टाकीत गंज धरतो, तेलाचा चिकट थर बसतो. आमच्या धंद्यातही कुणीच न चालवलेला प्रोग्राम सगळ्यात आधी कुजतो. दरवर्षी दसऱ्याला निघायचंच असेल तर कुणीतरी महिनाभर आधी झाकण उघडून बघतं.

गेल्या वर्षी मी अखेर गेले. दसरा चौकात, जुन्या लोकांच्या चौफाळ्याच्या माळावर, अंबाबाईची आणि भवानीची पालखी आली. मग गर्दीतून वाट काढत तिचं लांबलचक बॉनेट दिसलं आणि माझ्या शेजारच्या आजींनी गाडीलाही हात जोडले. शमीचं पूजन झालं, सोनं लुटलं गेलं. मी फोटो काढला आणि सरांना पाठवला. संध्याकाळी त्यांचा फोन आला. "अगं, इंजिनाचा आवाज कसा येतो तिच्या?"

सांगता आलं नाही. बँड आणि माणसांच्या गलक्यात तो मला ऐकूच आला नव्हता.