देवमासा आणि दर्यावरची माणसे

देवमासा हा मासा नव्हे, हे आता शाळकरी मुलालाही ठाऊक असते. मादी पिलाला दूध पाजते, आणि श्वासासाठी त्याला पाण्यावर यावेच लागते. तरी आपल्या भाषेने त्याच्या नावात देव घातला तो घातलाच!

या प्राण्याची आणि किनाऱ्यावरच्या माणसाची ओळख फार जुनी. इ. स. पूर्व ३२५मध्ये सिकंदराचा नौदलप्रमुख निआर्कस सिंधूच्या मुखापासून पश्चिमेकडे निघाला. समुद्रातून कारंजी उडताना पाहून त्याचे खलाशी घाबरले. निआर्कसने कर्णे वाजवून, आरडाओरडा करीत नावा सरळ पुढे घालायला लावल्या, तेव्हा देवमाशांनी बुडी मारली. त्याच मकरान किनाऱ्यावरचे मासेखाऊ लोक वाहून आलेल्या देवमाशांच्या हाडांची घरे बांधीत. जबड्याची हाडे दाराला लावीत. हा वृत्तांत आरियनने लिहून ठेवला आहे.

आता वसईकडे या. १५३४ साली पोर्तुगीज आले, १७३९ साली चिमाजी अप्पांनी किल्ला घेतला, पुढे इंग्रज आले आणि गेले. पाचूबंदर, किल्लाबंदर, नायगाव, अर्नाळा येथला कोळी मात्र पापलेट आणि बोंबील यांच्यामागे दर्यावर जातच राहिला. देवमाशाच्या शिकारीवर त्याने कधी पोट भरले नाही.

मग अरबी समुद्रातले देवमासे मारले कोणी? १९६५ आणि १९६६ साली 'स्लावा' व 'सोवेत्स्काया उक्राइना' या सोव्हिएत ताफ्यांनी ओमान, पाकिस्तान आणि वायव्य भारत यांच्या किनाऱ्यांलगत हंपबॅक जातीचे २४२ देवमासे मारले. ही गोष्ट दडवली गेली. खरे आकडे १९९०नंतर बाहेर आले. हे हंपबॅक इतरांसारखे दक्षिण ध्रुवाकडे जात नाहीत. बारा महिने याच समुद्रात राहतात. ओमानजवळच्या मोजणीत ते शंभराच्या आतच भरले.

१९७९ साली हिंदी महासागर देवमाशांसाठी अभयक्षेत्र ठरला. १९८२ साली आंतरराष्ट्रीय आयोगाने व्यापारी शिकार थांबवण्याचा निर्णय घेतला. आपल्याकडे १९७२च्या वन्यजीव कायद्याखाली देवमासे आणि डॉल्फिन यांना सर्वांत कडक संरक्षण आहे. हे योग्यच झाले. पण शिकार करणारी जहाजे निघून गेली, आणि कायदा पाळण्याचा रोजचा भार पडला तो ज्याने शिकार केलीच नाही त्याच्या जाळ्यावर! जाळ्यात डॉल्फिन गुंतला तर तो सोडवायला जाळे कापावे लागते. त्या जाळ्याचे पैसे कोण देणार?

असाच प्रश्न अलास्कात निराळ्या रूपाने उभा राहिला होता. तेथले इनुपिआत लोक पिढ्यान्‌पिढ्या पोटापुरती देवमाशाची शिकार करीत आले आहेत. १९७७ साली, बोहेड देवमासे दोन हजारांच्या आतच उरले आहेत असे समजून, आयोगाने त्यांची शिकार पार बंद केली. शिकारी म्हणाले, "तुम्ही मोकळ्या पाण्यातले मोजता, बर्फाखालून जाणारे तुम्हाला दिसत नाहीत." त्यांनी स्वतःची संघटना उभारली आणि मर्यादित कोटा मिळवला. पुढे पाण्याखाली ध्वनियंत्रे सोडून मोजणी झाली, तेव्हा संख्या सात हजारांवर गेली. शिकाऱ्यांचे म्हणणे खरे ठरले!

महाराष्ट्राने डिसेंबर २०१८मध्ये एक शहाणे पाऊल टाकले. संरक्षित जलचर सोडवण्यासाठी जाळे कापले, तर छायाचित्राचा किंवा चित्रफितीचा पुरावा पाहून मच्छीमाराला २५,००० रुपयांपर्यंत भरपाई मिळू लागली. मोठे जाळे आणि बुडालेली खेप यांचा हिशेब याहून जास्त होऊ शकतो, हे खरे. तरीही जीव वाचवणाऱ्याला खर्च विचारणारी ही सुरुवात आहे.

सप्टेंबर २०२१मध्ये वसईच्या मर्देस किनाऱ्यावर मेलेला देवमासा वाहून आला, तेव्हा तो पाहायला गर्दी लोटली. जिवंत देवमासा पाहतो तो कोळी. तो कुठे दिसला, कोणत्या महिन्यात, पिलू बरोबर होते की नाही, हे त्याला विचारा, लिहून घ्या आणि नियम करताना त्याला बैठकीत बसवा. अलास्काचा धडा एवढाच आहे, आणि तो आपल्या बंदरापर्यंत यायला काहीच हरकत नाही.