लुटारूंची वंशावळ

‘डेक्कनोलेस्टीस हिस्लॉपाय’ हे नाव नागपूरच्या माणसाने वाचलं की तो दुसऱ्या शब्दाशी थबकतो. हिस्लॉप म्हणजे कॉलेजवाले हिस्लॉप का? तेच ते. पहिल्या शब्दात दख्खन आहे हे सांगावं लागत नाही. उरलेला तुकडा ग्रीक आहे, ‘लेस्टीस’, म्हणजे लुटारू. दख्खनचा लुटारू! दख्खनने पेंढारी पाहिले आहेत, पण हे बिरुद ज्याला मिळालं तो प्राणी चिचुंद्रीएवढा होता. 1988 मध्ये जी. व्ही. आर. प्रसाद आणि अशोक साहनी यांनी ‘नेचर’मध्ये त्याचं बारसं केलं. डायनोसॉर अजून नांदत होते त्या क्रिटेशस काळातला, भारतात सापडलेला हा पहिला सस्तन प्राणी.

सापडला तो हैदराबादच्या पश्चिमेला, नसकाल गावाजवळ. तिथे लाव्हाच्या दोन थरांच्या मध्ये तळ्याकाठच्या गाळाचा एक पट्टा दबून राहिला आहे, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. अशा गाळात कुदळ मारून सांगाडा निघत नाही. गाळाची पोती भरून आणायची, माती उन्हात कडक वाळवायची आणि रॉकेलमध्ये भिजत घालायची. ती रॉकेल पोटात घेते. मग रॉकेल ओतून टाकून पाणी घातलं की घट्ट ढेकळं आपसूक सुटतात. तो लगदा एकाखाली एक लावलेल्या बारीक चाळण्यांतून धुवायचा आणि उरलेला चुरा सूक्ष्मदर्शकाखाली ओल्या ब्रशाच्या टोकाने कण कण बाजूला करत तपासायचा. माशांचे खवले आणि बेडकांची हाडं भरपूर मिळतात. कधीतरी एक दाढ मिळते, एक-दोन मिलिमीटरची. सस्तन प्राण्याच्या दाढेवरचे उंचवटे, कडा आणि खळगे इतके खास असतात की एका दाढेवरून घराणं सांगता येतं. सरड्या-मगरींच्या दाताचं तसं नाही, ते बहुतेक नुसते सुळके. शिवाय दातावरचं एनॅमल शरीरातली सगळ्यात टणक वस्तू. बाकी सगळं विरून गेलं तरी ते टिकतं. म्हणून आदिम सस्तनांचा इतिहास बराचसा दातांचाच आहे आणि त्यांची नावंही दातांनाच दिलेली आहेत. डेक्कनोलेस्टीसचं नशीब जरा बरं, त्याच्या घोट्याची हाडंही पुढे मिळाली आणि हा गडी झाडावर चढणारा होता हे कळलं.

स्टीफन हिस्लॉप यांनी यातलं काही पाहिलेलं नव्हतं. स्कॉटलंडचे हे मिशनरी 1845 मध्ये नागपुरात आले आणि धर्मप्रचाराइतकाच जीव त्यांनी दगडांत लावला. सहकारी रॉबर्ट हंटर यांच्याबरोबर फिरताना नागपूरजवळच्या टाकळीला त्यांना काळ्या पाषाणाच्या थरांमध्ये गोड्या पाण्यातल्या शंख-शिंपल्यांचे आणि फळा-बियांचे जीवाश्म मिळाले; 1855 मध्ये त्यांचा निबंध लंडनच्या भूवैज्ञानिक नियतकालिकात छापून आला. लाव्हाच्या दोन पुरांच्या मधल्या काळात इथे तळी होती, त्यांत जीव वावरत होते, हे वाचायला शिकवणाऱ्या पहिल्या लोकांत ते होते. 1863 मध्ये टाकळघाटची शिलावर्तुळं पाहून रात्री परतताना पूर आलेल्या ओढ्यात ते बुडाले. सव्वाशे वर्षांनी नसकालच्या दाढेला त्यांचं नाव लागलं. पुरुषाच्या नावाने जाती ओळखायची तर लॅटिन रीतीने शेवटी ‘आय’ जोडायचा, म्हणून हिस्लॉपाय.

पण लुटारू कुठून आला? त्यासाठी जर्मनीत जावं लागतं, आणि वाटेत क्षणभर इंग्लंडमध्ये थांबावं लागतं. ऑक्सफर्डजवळच्या स्टोन्सफील्डला घरांवर घालायच्या पातळ दगडी फरश्यांच्या खाणी होत्या. तिथे एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला इवलेसे जबडे निघाले. 1818 मध्ये ऑक्सफर्डला आलेल्या फ्रेंच शरीररचनातज्ज्ञ क्यूव्हिए यांनी ते पाहून ओपोसमसारख्या प्राण्याचे म्हणून सांगितलं. पंचाईत झाली, कारण तो खडक तर सरपटणाऱ्या महाकाय प्राण्यांच्या युगातला. 1838 मध्ये ब्लँव्हिल यांनी हे सस्तन आहेत यावरच शंका घेतली आणि नाव सुचवलं ‘ॲम्फिथेरियम’, म्हणजे दोन्हीकडचं वाटणारं श्वापद. रिचर्ड ओवेन यांनी दाढांना दोन मुळं आहेत आणि जबडा एकाच हाडाचा आहे हे दाखवून शंका मिटवली. नाव मात्र शंकेखोराचंच राहिलं आणि आजही तेच चालतं.

जर्मनीतली गोष्ट 1847 ची. स्टुटगार्टजवळ ट्रायासिक काळाच्या शेवटच्या, हाडांच्या तुकड्यांनी भरलेल्या थरात प्लीनिंगर यांना दोन चिमुकले दात मिळाले. स्टोन्सफील्डच्या जबड्यांहून हे कितीतरी जुने. सस्तनांचा त्याहून प्राचीन पुरावा तेव्हा कुणाकडे नव्हता. त्यांनी नाव दिलं ‘मायक्रोलेस्टीस अँटिक्वस’: प्राचीन छोटा लुटारू. दोन दातांवरून हा प्राणी शिकारी असावा असा अंदाज होता. अंदाज फसला, कारण त्या घराण्याचे दात वनस्पती चावण्या-चिरडण्याचे आहेत हे पुढच्या पिढ्यांनी दाखवलं. पण नावाची चाल पडली. अमेरिकेत मार्श यांनी 1878 मध्ये ‘ड्रायोलेस्टीस’ म्हणजे वृक्षलुटारू केला. मंगोलियातून 1926 मध्ये ‘झॅलॅम्ब्डालेस्टीस’ आला आणि 1969 मध्ये पोलंडच्या झोफिया किएलान-यावोरोव्स्का यांचा ‘केनालेस्टीस’. एकमेकांचे सख्खे काय, चुलतही नसलेल्या प्राण्यांची ही टोळी जमली. छोटा, चपळ, रात्री हिंडणारा प्राणी डोळ्यासमोर आला की नाव ठेवणाऱ्याच्या जिभेवर लुटारू येई. डेक्कनोलेस्टीस हा त्यातलाच.

मूळ लुटारूचे मात्र हाल झाले. इंग्लंडमध्ये बाथचे चार्ल्स मूर यांनी सॉमरसेटमधल्या होलवेलच्या खाणीतून, चुनखडीच्या भेगांत भरलेली माती तब्बल तीन टन उचलून घरी आणली आणि ती वर्षानुवर्षं निवडली. माशांचे दात अगणित, सस्तनांचे मोजकेच. ओवेन यांनी 1871 मध्ये त्यांतल्या दातांना ‘मायक्रोलेस्टीस मूराय’ केलं. मग कुणाच्या तरी लक्षात आलं की मायक्रोलेस्टीस हे नाव आधीच खर्ची पडलंय. प्लीनिंगर यांच्या एक वर्ष आधी, 1846 मध्ये, श्मिट-गोबेल यांनी ब्रह्मदेशातल्या भुंगेऱ्यांवरच्या पुस्तकात एका छोट्या भुंगेऱ्याला तेच नाव देऊन ठेवलं होतं.

प्राण्यांच्या नावांचा कायदा इथे सातबाऱ्यासारखा चालतो: ज्याचं नाव आधी चढलं त्याची जमीन, मग तुम्ही कितीही लायक असा. लिनिअस यांच्या 1758 च्या ग्रंथापासून ही नोंद धरली जाते, आणि 1895 पासून एक आंतरराष्ट्रीय आयोग तिचे तंटे सोडवतो. प्राण्यांच्या सगळ्या राज्यात एक प्रजाती-नाव एकदाच. भुंगेरा की तेव्हा ठाऊक असलेला सगळ्यात जुना सस्तन, हा भेदभाव नाही. (मला हा नियम आवडतो. नावाच्या बाबतीत मोठ्यांचा मान राखला असता तर भुंगेऱ्यांना काही उरलंच नसतं.) म्हणून 1908 मध्ये पोखं यांनी जर्मन दातांना ‘थॉमासिया’ हे पर्यायी नाव दिलं.

अमेरिकन जॉर्ज गेलर्ड सिम्पसन यांनी 1928 मध्ये ब्रिटिश म्युझियममधल्या जुन्या सस्तनांची यादी केली तेव्हा मूर यांचे दात वेगळे काढले. लुटारू मोडायचा नव्हता, म्हणून त्यांनी ‘मायक्रोक्लेप्टीस’ केलं, म्हणजे छोटा चोर. आणि घात! 1840 पासून तेही एका भुंगेऱ्याचं होतं, चिलीतल्या एका लांब मिशांच्या भुंगेऱ्याचं. सिम्पसन मग ग्रीकच्या वाट्याला गेले नाहीत. 1947 मध्ये त्यांनी अरबीतून नाव आणलं: ‘हारामिया’. म्हणजे चोर. आपला ‘हरामी’ त्याच अरबी घरातला. मधल्या महायुद्धात सिम्पसन अमेरिकी लष्कराच्या हेरखात्यात उत्तर आफ्रिकेत होते. हा शब्द पुस्तकातला नसून तिथल्या बाजारात ऐकलेला असणार, असा आपला माझा तर्क. ग्रीक लुटारूला अरबी चोर करून त्यांनी जुन्या नावाचा अर्थ राखला आणि भुंगेऱ्यांनाही हुलकावणी दिली.

एवढं करूनही ते नाव टिकलं नाही. 1994 मध्ये बटलर आणि मॅकिंटायर यांनी इंग्लंडचे दात पुन्हा तपासले आणि निवाडा दिला की हारामिया आणि थॉमासिया एकच. एक वरच्या जबड्यातले दात, दुसरे खालच्या. थॉमासिया आधीचं, म्हणून तेच राहणार. पण तोवर हारामियावरून अख्ख्या गटाचं नाव पडलं होतं, हारामियिडा, आणि ते काही मागे घेतलं गेलं नाही. प्रजाती बुडाली, घराण्याचं आडनाव उरलं. 2013 मध्ये चीनमधून आलेल्या नातलगाला ‘अर्बोरोहारामिया’ म्हटलं गेलं, म्हणजे सरळ मराठीत झाडावरचा हरामी. या चिनी नमुन्यांत सांगाडे आहेत, काहींच्या केसांचे ठसे आहेत आणि 2017 मध्ये तर अंगावरच्या कातडी पडद्याने झाडाझाडांतून तरंगणारे निघाले. तरी यांना सस्तनांत घ्यायचं की उंबऱ्याबाहेर ठेवायचं यावर अभ्यासक अजून भांडताहेत.

होलवेलची खाण आणखी एका माणसामुळे लक्षात राहते. वाल्टर क्यूने हे जर्मनी सोडून आलेले कम्युनिस्ट. 1938-39 च्या सुमारास ते मूर यांच्या वाटेने होलवेलच्या मातीत दात शोधत फिरत होते. युद्ध सुरू झालं, नकाशे घेऊन खाणी धुंडाळणारा जर्मन माणूस पोलिसांनी पकडला, आणि त्यांची रवानगी आइल ऑफ मॅनच्या छावणीत झाली. 1941 मध्ये केंब्रिजच्या पॅरिंग्टन यांनी होलवेलच्या दोन दातांवर ‘इओझॉस्ट्रोडॉन’ उभा केला; 1949 मध्ये क्यूने यांनी वेल्समधल्या ग्लॅमॉर्गनच्या दातावर ‘मॉर्गॅन्युकोडॉन’. दोन्ही एकच असतील तर पहिलंच नाव चालणार, म्हणून ब्रिटिश अभ्यासकांत तीसेक वर्षं दोन तट पडले होते. 1979 मध्ये क्लेमेन्स यांनी दोघे वेगळे आहेत हे दाखवलं. आज मॉर्गॅन्युकोडॉन पाठ्यपुस्तकात आहे आणि इओझॉस्ट्रोडॉन तज्ज्ञांच्या यादीत.

नसकालला परत येऊ. तिथे त्याच गाळातून 2006 मध्ये एक झिजलेली दाढ हारामियिडांची म्हणून नोंदली गेली. जगभर ज्यांचा मागमूस आधीच संपल्यासारखा होता ते डायनोसॉरांच्या अखेरीपर्यंत दख्खनमध्ये तगून राहिले असावेत. नाव ठेवलं ‘अवशिष्ट बाचारामेन्सिस’. बाचाराम हे तिथलं गाव. लुटारू नाही, चोर नाही, ग्रीकही नाही; उरलेला, इतकंच. या सबंध घराण्यात मला हे सगळ्यात नेमकं नाव वाटतं.

या जुन्या सस्तनांना भारतीय अभ्यासक अशी इथलीच नावं ठेवू लागले त्याला तेव्हा वीसेक वर्षं होऊन गेली होती. गडचिरोली जिल्ह्यात सिरोंचाच्या वर, प्राणहितेच्या काठी कोटा नावाचं गाव आहे. त्यावरून तिथल्या ज्युरासिक चुनखडीला कोटा थर म्हणतात. 1981 मध्ये पी. एम. दत्ता यांनी त्या थरातल्या दाढेला ‘कोटाथेरियम हाल्डेनाय’ म्हटलं: गाव महाराष्ट्रातलं, गौरव जीवशास्त्रज्ञ जे. बी. एस. हाल्डेन यांचा. पुढे यादगिरी यांनी नदीवरून ‘इंडोथेरियम प्राणहिताय’ केलं आणि तीन टोकांच्या एका दाढेवरून ‘त्रिशूलोथेरियम’. पलीकडच्या तीरावरच्या पैकासिगुडेम वाडीवरून ‘पैकासिगुडोडॉन यादगिराय’ झालं, ज्यात खुद्द यादगिरीच आले. ‘गोंडथेरियम दत्ताय’मध्ये दत्ता. शोधणारा पुढच्या शोधाच्या नावात जाऊन बसतो, ही या क्षेत्रातली दाद देण्याची रीत.

2007 मध्ये मात्र तारखेची परीक्षा लागली. प्रसाद आणि सहकाऱ्यांनी मध्य प्रदेशातल्या किसलपुरीच्या दाताला ‘भारतथेरियम बोनापार्टाय’ नाव दिलं. त्याच वर्षी दुसऱ्या चमूने बेळगाव जिल्ह्यातल्या गोकाकचा दात धरून ‘दक्षिणा जेडेराय’ नाव छापलं. प्राणी एकच निघाला. भारतथेरियम आधी छापलेलं होतं, दक्षिणा मिटली. भारतथेरियमचे नातलग अर्जेंटिना आणि मादागास्करमध्ये आहेत. मादागास्करच्या एकाला मालागासी शब्दावरून ‘अदालाथेरियम’, म्हणजे वेडं श्वापद, म्हणतात.

किसलपुरीजवळच्याच ‘खरमेरंगुलॅटम व्हॅनव्हेलेनाय’ या नावात ली व्हॅन व्हेलेन आहेत, जे स्वतः नावांच्या बाबतीत भलतेच रंगेल. 1978 मध्ये त्यांनी अमेरिकेतल्या जुन्या सस्तनांना टॉल्किनच्या कादंबरीविश्वातली नावं वाटली. त्यातला ‘अँकॅलॅगॉन’ ड्रॅगन वर्षभर आधीच एका कॅनेडियन समुद्री अळीला गेलेला होता. नियमानुसार प्रजातीच्या नावात एका अक्षराचा फरक पुरतो. व्हॅन व्हेलेन यांनी 1980 मध्ये रोमन स्पेलिंगमधला ‘सी’ काढून ‘के’ घातला आणि काम भागवलं.

नाव कुणाला चिकटलेलं असतं हे ‘टिकीथेरियम कोपाय’ने सगळ्यात सणसणीत दाखवलं. 2005 मध्ये दत्ता यांनी मध्य प्रदेशातल्या टिकी थरातली ही वरची दाढ प्रसिद्ध केली. वय ट्रायासिक, वीस कोटींहून जास्त वर्षांचं. दाढ मात्र इतकी रुंद आणि पुढारलेली की आदिम सस्तनांच्या प्रत्येक चर्चेत तिला जागा द्यावी लागे. जातीनामात दाढांच्या उत्क्रांतीचे जुने अभ्यासक एडवर्ड कोप होते. 2024 मध्ये रशियाचे अवेरिआनोव्ह आणि व्होयता यांनी दाखवलं की ती निओजीन काळातल्या चिचुंद्रीची दाढ आहे, फार तर दोन-सव्वादोन कोटी वर्षांची. वरच्या थरातला कण खालच्या मातीत मिसळून चाळणीत यावा, ही धास्ती माती धुणाऱ्या प्रत्येकाला असते. नाव मात्र रद्द झालं नाही. ते काळाला दिलेलं नसतं, त्या एका दाताला दिलेलं असतं. तेव्हा टिकीथेरियम आपल्या दातासकट ट्रायासिकमधून उठून चिचुंद्र्यांच्या कुळात दाखल झालं, आणि कोप यांनाही सोबत जावं लागलं.