खरे सांगायचे कसे?

आपल्या श्रीमंत सयाजीराव महाराजांनी १९०४ मध्ये बडोदे संस्थानात बालविवाह प्रतिबंधक कायदा केला. पुढे १९११ च्या खानेसुमारीत घरोघरी वय आणि विवाह विचारला गेला. दंड करणारे सरकार तेच, विचारणारेही तेच. लहान लेकीचे लग्न लावलेला बाप खरे कसे सांगणार?

अशा नाजूक प्रश्नांवर १९६५ मध्ये अमेरिकेत स्टॅन्ली वॉर्नर यांनी तोड काढली. तिचे सोपे रूप असे: गुपचूप नाणे उडवावे. छापा पडला तर ‘हो’ म्हणावे, काटा पडला तर खरे सांगावे. १०० जणांत ६० ‘हो’ आले, तर सुमारे ५० छाप्याचे. उरलेल्या ५० मध्ये १० खरे, म्हणजे पाचात एक. प्रमाण कळते, घर कळत नाही. बापाला हवे होते ते हेच अभय.