कमांडर ते बोलेरो : सात सीटच्या गाडीत किती माणसं बसतात?

मागच्या भागाखाली शहाद्याच्या एका श्रोत्यानं लिहिलं होतं, "दादा, राजे-महाराजे झाले, आता आपल्या काळी-पिवळीचा इतिहास सांगा ना." मी हसलो, पण ते डोक्यात बसलं. कारण सातपुड्याच्या पायथ्याशी वाढलेल्या माझ्यासारख्या माणसाच्या आयुष्यात किल्ल्यापेक्षा जीप जास्त वेळा आलीये. शिवाय माझ्या डाव्या गुडघ्याखाली एक स्टीलचा रॉड आहे. त्याचाही या इतिहासाशी संबंध आहे. तो येईलच पुढे.

तर आजचा विषय आहे एकच गाडी, पण तिच्या चार-पाच पिढ्या. पणजी विलिस जीप, आजी सीजे-थ्रीबी, आई कमांडर, मावशी आर्माडा आणि मुलगी बोलेरो. नावं बदलली, पण रक्त एकच.

सुरुवात करू दुसऱ्या महायुद्धापासून. 1940 मध्ये अमेरिकन सैन्याला एक हलकी, कुठेही जाईल अशी टेहळणीची गाडी हवी होती. पहिला नमुना बँटम नावाच्या छोट्या कंपनीनं केला, पण हजारोंनी गाड्या बनवायचं काम गेलं विलिस आणि फोर्डकडे. युद्ध संपेपर्यंत दोघांनी मिळून सहा लाखांहून जास्त जीपा बनवल्या. दोन चाकांच्या जोड्यांमधलं अंतर 80 इंच, इंजिन साधारण 2200 सीसीचं, ताकद 60 अश्वशक्ती. आज तुमच्या शेजाऱ्याच्या हॅचबॅकची ताकद याहून जास्त असते.

आता भारतात येऊ. 2 ऑक्टोबर 1945 ला महिंद्रा अँड मोहम्मद नावाची कंपनी सुरू झाली. जे. सी. महिंद्रा आणि के. सी. महिंद्रा हे दोन भाऊ, आणि तिसरे भागीदार मलिक गुलाम मोहम्मद. धंदा पोलादाचा. मग फाळणी झाली. गुलाम मोहम्मद पाकिस्तानात गेले, तिथले पहिले अर्थमंत्री झाले आणि 1951 मध्ये गव्हर्नर जनरलही झाले. इकडे 1948 मध्ये कंपनीचं नाव महिंद्रा अँड महिंद्रा झालं. आपल्या घाटात धापा टाकणाऱ्या गाडीच्या नावातूनसुद्धा फाळणी गेलीये, हे मला पहिल्यांदा वाचलं तेव्हा खरंच वाटलं नव्हतं.

के. सी. महिंद्रा युद्धकाळात भारत सरकारच्या खरेदीच्या कामासाठी अमेरिकेत होते. रस्ते नसलेल्या देशाला जीप उपयोगी पडेल, हे त्यांनी तिथेच हेरलं. 1940 च्या दशकाच्या शेवटी मुंबईत माझगावला विलिस जीपा जोडायला सुरुवात झाली. सुटे भाग बोटीनं यायचे, इथे जुळणी व्हायची. हळूहळू ते भाग इथेच बनायला लागले.

पुढची पिढी सीजे-थ्रीबी. जुन्या सिनेमात पोलीस इन्स्पेक्टर ज्या उंच बॉनेटच्या जीपमधून उतरतो, ती हीच. ते बॉनेट दिखाव्यासाठी उंच नव्हतं. विलिसनं नवं इंजिन बनवलं, त्यात हवा आत घेणारे व्हॉल्व्ह वरच्या हेडमध्ये नेले, त्यामुळे इंजिनाची उंची वाढली आणि ते जुन्या बॉनेटखाली मावेना. मग काय, बॉनेटच वर उचललं! अमेरिकेत ही गाडी 1953 मध्ये आली आणि 1960 च्या दशकात तिथे बंदही झाली. आपल्याकडे मात्र ती त्यानंतर कित्येक वर्षं बनत राहिली. स्पर्धा नव्हती, आयातीवर बंधनं होती, गाड्यांच्या कारखान्यांना परवाने मोजूनमापून मिळत होते. पण हे अर्धंच कारण झालं. दुसरं कारण असं की ज्या रस्त्यांसाठी ती बनली होती, ते रस्ते आपल्याकडे तसेच होते.

हे वाक्य लक्षात ठेवा. पुढे पुन्हा लागणार आहे.

जीपची खरी अडचण होती पेट्रोल. सरकारी साहेबाच्या जीपचं पेट्रोल सरकार भरायचं, पण भाड्यानं गाडी चालवणाऱ्याला ते परवडेना. डिझेल इंजिन आलं आणि सगळं बदललं. 1980 च्या आसपास महिंद्रानं फ्रान्सच्या प्यूजो कंपनीचं 2.1 लिटरचं डिझेल इंजिन घेतलं. नंतर त्याचा 2.5 लिटरचा मोठा भाऊ आला. ही इंजिनं पळणारी नव्हती, ओढणारी होती. डिझेल स्वस्त, इंजिन दणकट, आणि बिघडलं तर गावातला मिस्त्री झाडाखाली खोलून बसवेल इतकं सरळ. आता जीप साहेबाच्या हातातून ड्रायव्हरमालकाच्या हातात आली.

1990 च्या दशकात आली कमांडर. लांब चॅसी, वर ताडपत्रीचं हूड, मागे समोरासमोर दोन बाकं. आमच्याकडे कमांडर हे गाडीचं नाव राहिलंच नाही, तो वाहनाचा प्रकार झाला. पुण्याची ट्रॅक्स आली तरी म्हाताऱ्या बाया म्हणायच्या, "कमांडर उनी का?"

आता नंदुरबारचा नकाशा डोळ्यासमोर आणा. 1 जुलै 1998 ला धुळ्यातून वेगळा झालेला हा जिल्हा. दक्षिणेला तापीचं सपाट खोरं, उत्तरेला सातपुडा, त्यापलीकडे नर्मदा. सुरत-भुसावळ रेल्वे नवापूर, नंदुरबारवरून जाते, पण सातपुड्याच्या कुशीतल्या धडगाव, मोलगीला रेल्वे नाही. तिथे जायचं तर चांदसैलीचा घाट, देवगोईचा घाट. एसटी आहे, पण फेऱ्या मोजक्या, आणि एसटी पाड्यावर जात नाही. मधली ही पोकळी भरली जीपनं.

माझ्या मामानं 1990 च्या दशकात सेकंडहँड कमांडर घेतली. तालुक्याच्या बाजारात तो सकाळी नंबरात गाडी लावायचा आणि भरेपर्यंत हलायचा नाही. "भरली" याचा अर्थ कंपनीच्या कागदावर वेगळा, मामाच्या डोक्यात वेगळा. पुढे चार, मधे पाच, मागे आठ-नऊ, पायरीवर तीन, टपावर मिरचीची पोती, कोंबड्या आणि दोन पोरं. चॅसीखाली कमानपाटे जास्तीचे टाकून घेतले की गाडी बसत नाही, असं त्याचं शास्त्र होतं.

आणि त्याच गाडीनं माणसं वाचवलीसुद्धा. डोंगरातल्या पाड्यावरून आजारी माणसाला बांबूला बांधलेल्या झोळीत घालून खाली आणतात, हे तुम्ही बातम्यांमध्ये पाहिलं असेल. झोळी जिथे संपते तिथे जीप उभी असायची. माझ्या धाकट्या बहिणीच्या वेळी आईला रात्री कळा सुरू झाल्या, तेव्हा मामानं घाट उतरून तिला शहाद्याला पोचवलं. बहीण दवाखान्यात पोचल्यावर अर्ध्या तासात झाली. त्यामुळे आमच्या घरात जीपला कुणी नुसतं वाहन म्हणत नाही.

पण इतिहास सांगायचा तर दोन्ही बाजू सांगायला हव्यात. 2005 साली मी बारा वर्षांचा होतो. होळीच्या आधीचा भोंगऱ्या बाजार, गाडीत पाय ठेवायला जागा नाही. मी मागच्या पायरीवर, दांडीला धरून उभा. मला तर तीच जागा आवडायची, वारा लागायचा! एका वळणावर हात सुटला. पुढचं मला आठवत नाही. गाडीत काही बिघाड नव्हता. मामा जोरातही चालवत नव्हता. माणसं जास्त होती, एवढंच. तीन महिने अंथरुणात गेले, आणि रॉड कायमचा आला.

मामा त्यानंतर आठ दिवस गाडीवर गेला नाही. नवव्या दिवशी गेला. हप्ता होता.

या काळात कंपनीत काय चाललं होतं? 1993 मध्ये आर्माडा आली, म्हणजे जीपच्या सांगाड्यावर पत्र्याचं बंद घर. खिडक्यांना काचा, घरच्या माणसांना धूळ नको म्हणून. तिची सुधारित आवृत्ती आर्माडा ग्रँड. आणि 2000 साली त्याच आर्माडाच्या पायावर बोलेरो. सगळं नव्यानं बनवायला पैसा लागतो, म्हणून हाताशी असलेलंच वापरून चौकोनी, सरळ रेषांची गाडी तयार झाली. बनायची आपल्या नाशिकला. जाणकारांनी तिला जुनाट म्हटलं. दोनच वर्षांनी त्याच कंपनीची नवीकोरी स्कॉर्पिओ आली, तेव्हा बोलेरोचे दिवस संपले असं बऱ्याच जणांना वाटलं. झालं उलटंच. दहा लाखांहून जास्त बोलेरो विकल्या गेल्या, आणि बरीच वर्षं ती देशात सगळ्यात जास्त खपणारी युटिलिटी गाडी होती.

का? मगाचं वाक्य आठवा. रस्ते तसेच होते. वेगळी चॅसी, मागे कमानपाटे, उंच बूड, आणि हातोडीनं सरळ होणारा पत्रा. सरपंच, डॉक्टर, कंत्राटदार, पोलीस, वनखातं, सगळे त्यातच. लग्नात नवरदेव त्यातच. एक गोष्ट मात्र गळून पडली, चारही चाकांना ताकद देणारी यंत्रणा. बहुतेक बोलेरो फक्त मागच्या चाकांवर चालतात. युद्धासाठी जन्मलेली गाडी आता संसारी झाली होती. 80 इंचांचं अंतर वाढून 2680 मिलिमीटर, म्हणजे साधारण 105 इंच झालं होतं. कुटुंब वाढलं ना!

पुढचा बदल रस्त्यामुळे नाही, करामुळे झाला. गाडी चार मीटरपेक्षा लहान आणि डिझेल इंजिन 1500 सीसीच्या आत असेल, तर तेव्हा अबकारी कर बराच कमी होता. मूळ बोलेरो 4107 मिलिमीटर लांब, इंजिन 2523 सीसी. 2016 मध्ये बोलेरो पॉवर प्लस आली : लांबी 3995 मिलिमीटर, इंजिन 1493 सीसी. म्हणजे 112 मिलिमीटर कापले, आणि तेही मुख्यतः बंपरमधून. गंमत बघा, इंजिन हजारभर सीसीनं लहान झालं, पण ताकद 63 वरून 70 अश्वशक्तीवर गेली. ओढण्याचा जोर, ज्याला टॉर्क म्हणतात, तो होता तेवढाच राहिला, 195 न्यूटन मीटर.

मग 2020 मध्ये बीएस-6 चे प्रदूषणाचे नियम आले. जुन्या डिझेल गाड्या पटापट बंद पडत होत्या, पण बोलेरो तीही परीक्षा पास झाली. 2021 मध्ये बोलेरो निओ आली. ती मात्र दत्तक मुलगी. आधी टीयूव्ही 300 नावानं विकली जाणारी गाडी, सुधारून बोलेरोच्या नावानं आणली. नावाची पत काय असते, ते इथे कळतं.

आता ज्या गोष्टीवर आपण भारतीय कधी बोलत नव्हतो ती गोष्ट : जीव. एप्रिल 2019 पासून सगळ्या नव्या कारना एबीएस ब्रेक सक्तीचे झाले, त्याच वर्षी जुलैपासून ड्रायव्हरची एअरबॅग, आणि 2022 पासून शेजारच्या सीटचीही. जुन्या सांगाड्यातल्या बोलेरोलाही ते बसवावं लागलं. चांगलंच झालं. पण एप्रिल 2024 मध्ये ग्लोबल एनकॅपच्या धडक चाचणीत बोलेरो निओला पाचपैकी एकच तारा मिळाला. आणि बोलेरोच्या मागच्या समोरासमोरच्या बाकांवर, जिथे आपण नेहमी पोरांना कोंबतो, तिथे एअरबॅग नाही.

म्हणून मला कुणी विचारलं, "भाऊ, बोलेरो चांगली का?" तर मी उलटा प्रश्न विचारतो, "किती माणसं बसवणार?" कारण गाडी सुधारायला सत्तर-ऐंशी वर्षं लागली. आपण बसायची पद्धत एका दिवसात सुधारू शकतो, पण ते मनावर कोण घेणार? चूक एकट्या ड्रायव्हरची नसते. पुढची गाडी कधी येईल याचा भरवसा नसतो, म्हणून माणूस पायरीवर उभा राहतो. घाटात वेळेवर एसटी आली, तर कुणाला हौस आहे लटकायची?

मामानं कमांडर कधीच विकली. 2018 मध्ये घरच्यासाठी बोलेरो घेतली, पांढरी. भाडं मारत नाही आता, गुडघे दुखतात म्हणतो. प्रवासी धंदा आता क्रुझरवाल्यांकडे गेलाय.

यंदाच्या होळीला आम्ही सगळे गावाला होतो. बाजाराला निघालो. मामा चावी घेऊन दाराशी उभा, एकेकाला आत सोडताना मोजत होता. सात झाले. आठवी माझी आई. त्याची सख्खी मोठी बहीण, जिला त्यानं त्या रात्री घाट उतरून नेलं होतं. ती म्हणाली, "अरे, पोराला मांडीवर घेते, सरकतील जरा."

मामा म्हणाला, "नको आक्का. तू थांब. मी यांना सोडून परत येतो."

आणि तो परत आला. डिझेल दुप्पट लागलं, बाजाराला अर्धा तास उशीर झाला, आई वाटभर कुरकुरली. मी तिच्या शेजारी बसलो होतो. सीटबेल्ट लावताना मामानं आरशातून एकदा माझ्या पायाकडे पाहिलं, आणि गिअर टाकला.

तुमच्या घरातल्या पहिल्या गाडीची गोष्ट काय आहे? कोणती होती, आणि एका वेळी तिच्यात जास्तीत जास्त किती माणसं बसली होती? खरा आकडा सांगा हं, आरटीओ ऐकत नाहीये! व्हॉइस नोट पाठवा. भेटू पुढच्या भागात. आणि निघताना एकदा मोजा.